रामयॉन खाऊन जाणार का?

गेल्या अंकात मी ओघात लिहून गेले की कोरियन सिरियल बघणाऱ्यांनी एकदा कोरियन सिनेमाही बघावा, माणसं तीच असतात पण सिनेमात ती बोलत नाहीत. झालं. एवढ्या एका वाक्यावर इतकी पत्रं, मेल आणि व्हॉट्सॲप आलेत की बाकीचे नेहमीचे प्रश्न पुढच्या महिन्यावर ढकललेत. एक आधीच सांगते, खाली शेवट फुटलेत, सिनेमांचे. ज्यांना चालत नाही त्यांनी आधी सिनेमा बघा मग अंक उघडा, अंक कुठे पळून जात नाही.

प्रश्न : ताई, लॉकडाऊनमध्ये कोरियन सिरियलची सवय लागली ती लागलीच. तुमचं वाचून 'ख्रिसमस इन ऑगस्ट' लावला. दीड तास झाला तरी हिरो तिला काही बोललाच नाही, मेला तरी बोलला नाही! रडू पण आलं आणि राग पण. असं का करतात हे लोक? — एक वाचक, सांगली

राग आला ना, मग नीट बघितलात. हा सिनेमा १९९८ चा, हर जिन-हो या दिग्दर्शकाचा पहिलाच, गुनसान नावाच्या छोट्या शहरात शूट केलेला. जंगवॉन हा फोटो स्टुडिओवाला, आपल्याकडे फार दिवस नाहीत हे त्याला माहितीये, आणि पार्किंगच्या पावत्या फाडणारी दारिम त्याच्याकडे फोटो धुवायला येत राहते. तुम्ही म्हणता तो काही बोलला नाही, पण तो दिवसभर करतो काय ते बघा की, लोकांना स्टुलावर बसवतो, मान जरा इकडे, खांदे सरळ, हसा थोडं. एक आजी घरच्यांसोबत येऊन फोटो काढून जाते आणि मग नंतर एकटीच परत येते, नीट नटून, कारण तो फोटो तिच्या अंत्यविधीला ठेवायचाय आणि तिला त्यात छान दिसायचंय. ती हे किती लाजत लाजत सांगते! मला तर त्या आजीच्या सीनमध्ये अख्खा सिनेमा दिसतो. छान दिसायची हौस, आणि ती ह्या वयात सांगायची लाज.

बापाला व्हीसीआर शिकवायचा सीन आठवतोय ना? बापाला काही केल्या जमत नाही, पोरगा चिडतो आणि उठून जातो. मी गेल्यावर तुम्हाला कोण लावून देणार, हे वाक्य तो म्हणत नाही. नंतर स्टुडिओतलं मशीन कसं चालवायचं ते मोठ्या अक्षरात कागदावर लिहून ठेवतो, झालं. आणि दारिम रस्त्यावर दिसते तेव्हा हा कॅफेच्या आत बसलेला असतो आणि काचेवरून बोट फिरवतो, तेवढाच काय तो स्पर्श. शेवटी तिचा फोटो स्टुडिओच्या शोकेसमध्ये लागलेला असतो, ती येते, बघते, हसते आणि जाते. आपल्याकडचे वडील नाही का फोनवर 'पोचलास का? बरं, ठेव' एवढंच बोलतात, आणि त्या 'ठेव' मध्ये सगळं असतं, तसंच आहे ते.

ह्याच दिग्दर्शकाचा २००१ चा 'वन फाइन स्प्रिंग डे' बघा आता. तो साउंड रेकॉर्डिंग करणारा, ती रेडिओवर प्रोड्युसर, दोघं बांबूच्या बनात वाऱ्याचा आवाज रेकॉर्ड करायला जातात. एका रात्री तो तिला घरी सोडतो आणि ती विचारते, रामयॉन खाणार का? आता रामयॉन म्हणजे पाकिटातल्या शेवया हो, आपली मॅगी. पण ते वाक्य कोरियात इतकं गाजलं की लोकांनी ते 'रामयॉन खाऊन जाणार का' असं करून घेतलं आणि आज तिकडे कुणी कुणाला रात्री रामयॉन खायला वर बोलावलं तर शेवयांबद्दल बोलणं चाललेलं नसतं हे शेंबड्या पोरालाही कळतं. तुमच्या सिरियलमध्ये हा जोक शंभर वेळा येऊन गेला असेल, तो इथून आलाय. आणि गंमत म्हणजे पुढे ह्याच सिनेमात प्रेम शिळं होतं तेव्हा ती त्याला रामयॉन टाक म्हणते आणि तो भडकतो, मी तुला रामयॉन दिसतो का? शेवया त्याच, पण पहिल्या रात्री त्यात आमंत्रण होतं, आता नुसती भूक.

प्रश्न : मॅडम, 'राइट नाउ, राँग देन' बघत होतो. एक तासाने परत पहिल्यापासून तेच सुरू झालं! मला वाटलं ॲप हँग झालं, बंद करून परत लावला, मग कळलं सिनेमाच तसा आहे. सरळ गोष्ट सांगायला काय होतं ह्यांना? — इंजिनिअरिंगचा विद्यार्थी, पुणे

अरे बाबा, तू एकटा नाहीस, आमच्या फिल्म सोसायटीत एक काका प्रोजेक्शनवाल्याला ओरडायला उठले होते.

होंग सांग-सू हा तो दिग्दर्शक. हा माणूस सीनचे डायलॉग त्याच दिवशी सकाळी लिहितो आणि नटांच्या हातात देतो, आणि ह्याच्या सिनेमात बहुतेक वेळा माणसं टेबलाला बसून सोजू, म्हणजे तिकडची दारू, पितात आणि बोलतात, बस. २०१५ मध्ये ह्या सिनेमाला स्वित्झर्लंडमधल्या लोकार्नो महोत्सवात सर्वोच्च बक्षीस मिळालं, गोल्डन लेपर्ड. गोष्ट काय तर एक सिनेदिग्दर्शक सुवॉनला एक दिवस आधी पोचतो, जुन्या राजवाड्यात त्याला एक चित्रकार मुलगी भेटते, कॉफी, तिचा स्टुडिओ, मग सुशी आणि दारू, मग तिच्या मैत्रिणींकडे. एवढंच. आता पहिल्या तासात तो तिच्या चित्राची तोंड भरून स्तुती करतो, गुळगुळीत, मुलाखतीत बोलतात तशी, आणि आपलं लग्न झालंय हे सांगत नाही, ते दुसऱ्याच कुणाच्या तोंडून बाहेर येतं आणि संध्याकाळ नासते. दुसऱ्या तासात दिवस तोच, जागा त्याच, पण हा चित्रावर तोंडावर टीका करतो, ती चिडते, आणि मग सुशीच्या टेबलावर हा स्वतःच सांगून टाकतो की मला तू आवडलीस आणि माझं लग्न झालंय. दारूच्या नशेत कपडे काढून तमाशाही करतो. आणि तरी दुसरी संध्याकाळ पहिलीपेक्षा बरी जाते, दोघांसाठीही.

तेव्हा हा प्रयोग म्हणून प्रयोग नाहीये. एकदाच सांगितली असती तर तुला तो माणूस फक्त लबाड वाटला असता. दोनदा सांगितली म्हणून कळतं की पहिल्या वेळी स्तुतीच्या मागे काय दडवलं होतं. दुसरी वेळ म्हणजे पहिलीचा एक्स-रे म्हण हवं तर.

पार्क चान-वूकचा 'द हँडमेडन' (२०१६) हेच अजून कितीतरी थाटात करतो, पण तो मोठ्यांचा सिनेमा आहे हे लक्षात ठेवून बघ, हॉस्टेलच्या कॉमन रूममध्ये लावू नकोस. सेरा वॉटर्सची इंग्लंडमधली कादंबरी, ह्याने उचलून १९३० च्या दशकातल्या कोरियात आणली जेव्हा तिथे जपानचं राज्य होतं. सूकही ही पाकीटमार पोरगी एका श्रीमंत जपानी मुलीची, हिदेकोची, दासी म्हणून वाड्यात शिरते, डाव असा की एका तोतया सरदाराला तिच्याशी लग्न करायला मदत करायची आणि मग तिला वेड्यांच्या इस्पितळात टाकून पैसा वाटून घ्यायचा. पहिला भाग सूकहीच्या नजरेतून, आपल्याला वाटतं सगळं कळलं. मग दुसरा भाग सुरू होतो हिदेकोच्या बाजूने आणि तेच सीन परत, आणि जिला आपण भोळी समजत होतो तिला सगळं माहिती होतं, बरं ती पण ह्या पोरीला फसवत होती, आणि फसवता फसवता दोघींची एकमेकींवर नजर कधी बसली ते दोघींनाही कबूल करता येत नाही कारण कबूल केलं तर डाव मोडतो. एक सीन आहे, हिदेको टबात बसलीये, तिचा एक दात टोचतोय, आणि सूकही बोटात शिवणाचं टोपण घालून तो दात घासून देते. दोघी काही बोलत नाहीत. पहिल्यांदा तो सेवेचा सीन वाटतो. लोक ह्या सिनेमातल्या शय्यादृश्यांबद्दल बोलत बसतात, माझं मत विचारशील तर ती थोडी लांबलीत आणि जरा दाखवण्यासाठी केल्यासारखी आहेत, त्या टोपणाच्या सीनला त्यांची सर नाही.

आणि उलटी गोष्ट हवी असेल तर ली चांग-डोंगचा 'पेपरमिंट कँडी'. १९९९ च्या वसंतात एक चाळिशीचा माणूस जुन्या मित्रांच्या पिकनिकला येतो, रेल्वेच्या पुलावर चढतो आणि समोरून येणाऱ्या गाडीला ओरडतो की मला परत जायचंय. आणि सिनेमा खरंच परत जातो. तीन दिवस आधी, मग १९९४, १९८७, १९८४, १९८०, १९७९. दर वेळी मध्ये रेल्वेचा एक शॉट, नीट बघितलंस तर कळतं की रस्त्यावरची माणसं उलटी चालतायत. हा माणूस १९८७ मध्ये पोलिसात कोठडीत पोरांना छळतोय, १९८० मध्ये शिपाई म्हणून ग्वांगजूला पाठवलाय, जिथे लष्कराने लोकांचा उठाव चिरडला, आणि त्याच्या हातून एक शाळकरी मुलगी मरते, आणि सगळ्यात शेवटी, म्हणजे सगळ्यात आधी, विशीतला तो नदीकाठी बसलाय आणि पहिल्यांदा आवडलेल्या मुलीला सांगतोय की मला फुलांचे फोटो काढायचेत. सरळ सांगितलं असतं तर चांगला मुलगा बिघडला अशी गोष्ट झाली असती. उलटं सांगितल्यामुळे आधी राक्षस दिसतो आणि मग एकेक थर काढत त्याच्या आत ते फूल सापडतं.

प्रश्न : मी चाकणच्या एका कंपनीत कोरियन साहेबांच्या हाताखाली काम करतो, कामापुरती भाषा शिकलोय. घरी सिनेमा बघताना लक्षात येतं की ते बोलतात वेगळं आणि इंग्लिश सबटायटल वेगळं. बरंच गळतं का? — एक वाचक, राजगुरुनगर

बरंच म्हणजे काय, गाभाच गळतो कधीकधी. तुम्हाला तर माहितीच आहे, कोरियनमध्ये क्रियापदाच्या शेपटीवरून कळतं कोण कुणाला मान देतोय, साहेबांशी एक शेपूट, मित्राशी दुसरं. इंग्लिशमध्ये सगळ्यांना 'यू'. मराठीत मात्र हे लगेच कळतं, आपल्याकडे 'अहो' चं 'अरे' होणं ही घटना असते, कितीतरी घरात लग्नाला तीस वर्षं होऊनही झालेली नसते. कोरियन सिनेमात दोन माणसं तास-दीड तास आदराने बोलतात आणि मग एकजण शेपूट टाकून देतो, तो क्षण म्हणजे जवळजवळ हात धरल्यासारखा, आणि सबटायटलमध्ये त्याचा पत्ताच नाही. कुणीतरी मराठी सबटायटल करावीत हे मी किती वर्षं ओरडतेय. (फक्त 'ओप्पा' चं काय करायचं तो प्रश्न राहतो. तिकडे मुलगी मोठ्या भावालाही ओप्पा म्हणते आणि बॉयफ्रेंडलाही. मराठीत 'दादा' लिहिलं की रोमान्सचा तिथेच बोऱ्या वाजला.)

तुम्ही 'डिसिजन टू लीव्ह' नक्की बघा, पार्क चान-वूकलाच २०२२ मध्ये फ्रान्सच्या कान महोत्सवात बेस्ट डिरेक्टर मिळालं ह्यासाठी. एक डिटेक्टिव्ह, झोप न येणारा, आणि संशयित बाई चिनी आहे, तांग वेई ह्या चिनी नटीनेच केलीये. तिचं कोरियन ऐतिहासिक सिरियल बघून शिकलेलं, त्यामुळे शब्द जडजड आणि जरा भलतेच. समजा एखादी बाई शिवकाळावरच्या मालिका बघून मराठी शिकली आणि चौकीत इन्स्पेक्टरसमोर बसून बोलायला लागली तर कसं वाटेल. नवरा डोंगरावरून पडून मेलाय आणि ही सांगते की तो डोंगरावर गेला की मला काळजी वाटायची, अखेरीस मरेल म्हणून. त्या 'अखेरीस' ला खोलीतले पोलिस चमकतात. चुकलेला शब्द आहे की खरा शब्द तोंडातून निसटला, सिनेमाभर तेच कळत नाही. नीट सांगायचं असेल तेव्हा ती चिनीत फोनला सांगते आणि फोन भाषांतर करून बोलतो, म्हणजे मनातलं सगळं मशीनच्या आवाजात.

आणि तो बाबा तिला एकदाही प्रेम आहे म्हणत नाही. तो काय म्हणतो, मी पार कोसळलोय, आणि तुझ्याविरुद्धचा पुरावा असलेला हा फोन समुद्रात खोल टाक, कुणाला सापडणार नाही असा. ती नंतर डिक्शनरीत 'कोसळणं' शोधते. पुढे ती म्हणते की तू प्रेमाचं बोललास, तर हा विचारतो, मी कधी म्हणालो? तिला ते फोनच्या वाक्यात ऐकू आलं होतं, आणि पोलिसवाल्याने स्वतःची नोकरी-इमान सगळं समुद्रात टाकायला सांगणं हे दुसरं काय असतं, सांगा ना.

'द हँडमेडन' मध्ये सबटायटलचे रंग बघा, जपानी बोललं की पिवळं, कोरियन बोललं की पांढरं. कोण कुठल्या क्षणी कुठल्या भाषेत घुसतंय त्यावर डोळा ठेवा. तुम्हाला कानाने कळेल, आम्हाला रंगाने.

प्रश्न : 'बर्निंग' वरून आमच्याकडे भांडण लागलंय. मिस्टर म्हणतात त्या श्रीमंत पोराने तिला मारलं, मी म्हणते ती स्वतःच निघून गेली. कोण बरोबर? — एक वाचक, नागपूर

निकाल मी देणार नाही, पण भांडायला अजून माल देते.

आधी, कुणी बघितला नसेल तर, जोंगसू हा खेड्यातला पोरगा, पाजूचा, उत्तर कोरियाच्या सीमेजवळ, घरात बसलं की पलीकडच्या भोंग्यांवरचा प्रचार ऐकू येतो. लेखक व्हायचंय पण लिहित काही नाही. हेमी ही जुनी शेजारीण भेटते. आणि बेन, पोर्शेवाला, काय काम करतो ते कुणाला माहीत नाही, जांभया देतो. हेमी गायब होते. मूळ गोष्ट हारुकी मुराकामीची, १९८३ ची, त्यात धान्याची कोठारं जाळायची भाषा आहे, ली चांग-डोंगने २०१८ मध्ये त्याची प्लॅस्टिकची ग्रीनहाउस केली. बेन सांगतो की दर दोन महिन्यांनी एक पडीक ग्रीनहाउस जाळायचा त्याला छंद आहे.

आता मिस्टरांच्या बाजूने. बेनच्या बाथरूमच्या ड्रॉवरमध्ये हेमीचं घड्याळ सापडतं. त्याच्या घरातली मांजर पार्किंगमध्ये पळते आणि जोंगसूने 'बॉइल' म्हटल्यावर जवळ येते, आणि बॉइल हे हेमीच्या मांजरीचं नाव. तुमच्या बाजूने, तसली घड्याळं ढिगाने मिळतात, आणि हेमीची मांजर जोंगसूने कधी बघितलेलीच नाही. रोज जाऊन खायला ठेवतो, रिकामं भांडं दिसतं, मांजर नाही. हेमी म्हणते लहानपणी मी विहिरीत पडले होते आणि तू मला बघितलंस, ह्याला आठवत नाही, विचारत फिरतो तर एक म्हणतो विहीर नव्हतीच, एक म्हणते होती.

सुरुवातीचा संत्र्याचा सीन परत लावा. हेमी हवेतच संत्रं सोलून खाते, आणि सांगते की संत्रं आहे असं मानायचं नाही, संत्रं नाहीये हे विसरायचं, बस, आणि मुख्य म्हणजे खायची खरी इच्छा पाहिजे. मला वाटतं हीच ह्या सिनेमाची किल्ली आहे. जोंगसूला हेमी हवीये पण तो तिला धड सांगत नाही, सांगतो ते बेनला! तिला काय सुनावतो तर संध्याकाळी कपडे काढून नाचलीस म्हणून घाण शब्द. त्याला बेनसारखं घर हवंय, गाडी हवीये, तो निवांतपणा हवाय, तेही कबूल नाही. मग ही न कबूल केलेली हाव कुठे जाणार, ती संशयात जाते, पाठलागात जाते. सगळा सिनेमा आपण त्याच्याच डोळ्यांनी बघतो, म्हणून आपल्यालाही बेन खुनी वाटतो.

आणि शेवटाकडे एक छोटा शॉट आहे जो बऱ्याच जणांचा सुटतो. जोंगसू हेमीच्या खोलीत बसून लिहितोय. अख्ख्या सिनेमात पहिल्यांदा लिहिताना दिसतो. कॅमेरा खिडकीतून मागे मागे जातो. मग त्यानंतर तो खून येतो, जोंगसूने बेनचा केलेला. तो झाला का, की लिहिला? मिस्टरांना हे विचारा आणि मला कळवा काय म्हणाले. दोन तास अठ्ठावीस मिनिटांचा सिनेमा आहे, परत बघणार असाल तर जेवण आधी उरका.

प्रश्न : '३-आयर्न' मधला हिरो मुका आहे का? — व्हॉट्सॲपवरून

नाही, तो बोलत नाही इतकंच. २००४ चा सिनेमा, मूळ नाव 'बिनजिप', म्हणजे रिकामं घर. लोकांच्या बंद घरात शिरतो, चोरत काही नाही, उलट बिघडलेल्या वस्तू दुरुस्त करतो, कपडे धुतो. नवऱ्याचा मार खाणारी एक बाई त्याच्याबरोबर निघते, तीही शेवटची दोन वाक्यं सोडली तर गप्प. शेवटी दोघं एका वजनकाट्यावर उभे राहतात आणि काटा शून्यावर. दिग्दर्शक किम की-डुकवर २०१८ मध्ये अभिनेत्रींनी गंभीर आरोप केले, त्याने नाकारले, २०२० मध्ये तो गेला. मला आता त्याचे सिनेमे पूर्वीसारखे बघवत नाहीत, पण तो काटा विसरता येत नाही हेही खरं.

प्रश्न : महोदया, हे सारे ओटीटीने आणलेले खूळ आहे. पूर्वीचे कोरियन चित्रपटही आपल्यासारखेच सोज्वळ असणार. सगळेच उघडे दाखवायचे तर त्याला कला का म्हणावे? — निवृत्त शिक्षक, कोल्हापूर

सर, नमस्कार. सोज्वळ म्हणालात म्हणून १९५६ पासून सुरू करते. 'मॅडम फ्रीडम' नावाचा सिनेमा, प्राध्यापकाची बायको दुकानात नोकरीला लागते, पाश्चात्त्य नाच शिकते, शेजारच्या तरुणाकडे ओढली जाते. मूळ कादंबरी वर्तमानपत्रात क्रमशः येत होती तेव्हा एका कायद्याच्या प्राध्यापकाने लिहिलं होतं की हा लेखक म्हणजे पाच लाख चिनी फौजेइतका देशाचा शत्रू. कोरियन युद्ध नुकतं संपलेलं, तेव्हा ही उपमा किती जड होती बघा. आणि उघडं म्हणाल तर सिनेमात फार काही नव्हतं, बाई घराबाहेर नाचत होती.

मग १९६० चा 'हान्यो', म्हणजे मोलकरीण, दिग्दर्शक किम की-यंग. हा तुम्ही बघाच. कापड गिरणीतल्या मुलींना संगीत शिकवणारा मास्तर, बायको शिवणयंत्रावर राबून राबून दुमजली घर बांधते, आणि त्या घराला झेपत नाही म्हणून मोलकरीण आणतात. नवऱ्याचा पाय घसरतो, मोलकरणीला दिवस जातात, बायको तिला समजावून जिन्यावरून पडायला लावते, आणि मग त्या घरात उंदराच्या विषाची बाटली, पाण्याचा ग्लास आणि जिना ह्या तीन गोष्टींनी जी दहशत बसते ती काही विचारू नका. उघडं काही नाही. पण घर हवं, पियानो हवा, टीव्ही हवा, आणि वर अब्रू पण हवी, ही सगळी भूक एका जिन्यावर वरखाली करत असते. बोंग जून-होने 'पॅरासाइट' करताना ह्याच सिनेमाकडून घेतलंय हे स्वतः सांगितलंय, तिथलाही जिना आठवा.

आणि शेवट, सर! विष, मरणं सगळं झाल्यावर एकदम कळतं की नवरा-बायको बसून पेपरातली बातमी वाचत होते, काही घडलंच नाहीये, मोलकरीण चहापाणी बघतेय. आणि नवरा वळतो, सरळ कॅमेऱ्यात बघतो आणि हसत हसत पुरुष प्रेक्षकांना सांगतो की हे कुणाचंही होऊ शकतं, तिथे बसून मान हलवताय ना, तुमचं पण. काहींना हा शेवट म्हणजे पळवाट वाटते. मला तर उलट वाटतं, तोवर प्रेक्षक दुसऱ्याच्या घरात डोकावत होता, त्याला त्याच्या स्वतःच्या घरात आणून सोडला.

त्या साली हे जमलं त्यालाही कारण आहे. एप्रिल १९६० मध्ये विद्यार्थ्यांच्या आंदोलनाने राष्ट्राध्यक्ष सिंगमन रीची सत्ता गेली आणि मे १९६१ मध्ये लष्कराने सत्ता घेतली, मधल्या वर्षभरात जरा मोकळा वारा होता, 'हान्यो' त्या नोव्हेंबरात लागला. नंतर कात्री आवळत गेली. ऐंशीच्या दशकात तर उफराटाच कारभार, राजकारणावर बोलायचं नाही पण शृंगाराला सूट. १९८२ मध्ये रात्रीची संचारबंदी उठली आणि 'मॅडम एमा' नावाच्या सिनेमाचे मध्यरात्री खेळ लागले, त्यात सेन्सॉरने आक्षेप कशावर घेतला तर नावातल्या चिनी अक्षराचा अर्थ घोडा होतो म्हणून, ते अक्षर बदलून तागाचं घालायला लावलं. आधी सरकारला सिनेमा दाखवून कापून घ्यायचा हा नियम तिथल्या संविधान न्यायालयाने १९९६ मध्ये घटनाबाह्य ठरवला, आणि वर ज्या सिनेमांबद्दल लिहिलंय ते बहुतेक त्यानंतरचे. म्हणजे दाखवायची मुभा मिळाल्यावरसुद्धा ह्यांनी लपवणंच निवडलं, हे मला जास्त गमतीचं वाटतं.

जाता जाता, 'हान्यो' ची दोन रिळं हरवली होती, पुढे सापडली ती चित्रावरच हाताने लिहिलेल्या इंग्लिश सबटायटलसकट, ते एकेक पुसत २००८ मध्ये सिनेमा नीट केला, हॉलीवूडचा दिग्दर्शक मार्टिन स्कॉर्सेसीच्या संस्थेने मदत केली. आणि २०२१ मध्ये ऑस्कर घेताना युन यो-जंग ह्या सत्तरी ओलांडलेल्या कोरियन अभिनेत्रीने ते बक्षीस आपल्या पहिल्या दिग्दर्शकाला वाहिलं, तो हाच किम की-यंग.

प्रश्न : सासूबाईंसोबत बघता येईल असा एक सांगा, प्लीज! — ठाणे

'ख्रिसमस इन ऑगस्ट'. 'द हँडमेडन' अजिबात नाही, रिमोट सापडेपर्यंत जीव जाईल.

प्रश्न : नाव-गाव देत नाहीये. वय बावन्न. कॉलेजात असताना एक मैत्रीण होती. मैत्रीण हाच शब्द वापरते, दुसरा तेव्हाही नव्हता. मग माझं लग्न झालं, तिचंही. परवा कपाट आवरताना तिचं एक पत्र सापडलं. मला सल्ला नकोय, एक सिनेमा सांगा फक्त.

'मूनलिट विंटर', २०१९, दिग्दर्शक इम दे-ह्योंग. जपानमधल्या ओतारूहून एक पत्र कोरियात येतं. लिहिलंय जुनने, पण ती पत्रं लिहून ठेवून देते, पोस्टात टाकत नाही, हे तिच्या आत्याने गुपचूप टाकलेलं. इकडे यूनहीच्या मुलीच्या हाती ते आधी लागतं, ती वाचते, आणि आईला काही न सांगता ओतारूच्या ट्रिपचा बेत करते. यूनही कँटीनमध्ये कामाला जाते, घटस्फोट झालाय, फारसं बोलत नाही. वीस वर्षांपूर्वी काय झालं ते तुकड्या-तुकड्यात कळतं, घरच्यांनी तिला दवाखान्यात नेलं होतं, मग भावाने स्थळ आणलं. बाहेर सतत बर्फ पडतोय आणि आत्या दर वेळी तेच म्हणते, हा बर्फ कधी थांबणार कोण जाणे. दोघी भेटतात ते अगदी थोडा वेळ, एका थंड रस्त्यावर. भेटल्या-भेटल्याचे एक-दोन शब्द सोडले तर त्या काय बोलल्या ते आपल्याला ऐकवत नाही. मला त्या दिग्दर्शकाचं फार बरं वाटलं त्याबद्दल.

सिनेमाचं कोरियन नाव 'यूनही-एगे'. इंग्लिशमध्ये ते 'टू यूनही' इतकं होतं, कुरिअरवर लिहिल्यासारखं. मराठीत बरोबर होतं, आपण पत्राच्या मायन्यात नावाला लावतो तो 'स'. यूनहीस.

तुमचं पत्र मी ऑफिसात टाईप करायला दिलं नाही, घरी बसून मीच केलं. मूळ कागद माझ्याकडे आहे, परत हवा असेल तर तसं लिहा, नाहीतर राहू दे.